रडक्या तांबूच्या इंदिराताई

इंदिराताईंना 'नाही' म्हणता येत नाही, हे आमच्या 'गोदाकिरण' बिल्डिंगमध्ये लहानथोर सगळ्यांना ठाऊक होतं. कुणी गावाला निघालं की किल्ल्या त्यांच्याकडे. कुणाकडे पाहुणे जास्त झाले की दोघंतिघं त्यांच्या हॉलमध्ये झोपायला. कुणाचा गॅस संपला की त्यांचा सिलिंडर जिना चढायला तयार. "चालेल ना इंदिराताई?" असं विचारायची नुसती पद्धत होती, उत्तर ऐकायला कुणी थांबत नसे.

मी त्यांच्या समोरच्या दारात राहते. त्यांचा हा स्वभाव बघून माझं डोकं फिरायचं, खरं सांगते. मी स्वतः भांडकुदळ आहे, रिक्षावाल्यापासून वायरमनपर्यंत सगळ्यांशी माझं वाजतं. त्यामुळे मऊ माणूस दिसलं की मला त्याची कीव येण्याआधी राग येतो. इंदिराताईंनी उमेदीची सगळी वर्षं एका वकिलाकडे टायपिंग केलं. दिवसभर दुसऱ्याचे शब्द कागदावर उतरवायचे आणि घरी येऊन दुसऱ्याचे शब्द झेलायचे. नवरा, विनायकराव, गेल्यावर तर त्यांचा आवाज असा उरलाच नाही. मुलगा शौनक पुण्याला, हिंजवडीत. तो दर रविवारी फोन करून म्हणायचा, "आई, फ्लॅट बंद कर आणि इकडे ये." त्या "बघू" म्हणायच्या. हे 'बघू' म्हणजेच त्यांचं 'नाही', हे मला कळायचं. शौनकला कळायचं नाही.

अशा बाईच्या दारात तांबू येऊन बसला. तांबडा, हाडकुळा, एक कान दुमडलेला. गणेशवाडीच्या भाजीबाजारात कुणाच्या तरी गाडीचा धक्का बसला असावा, मागचा पाय ओढत आला होता. इंदिराताईंनी त्याला दूधपोळी घातली, पायाला हळद लावली आणि तो त्यांचा झाला. पाय आठवड्याभरात सुधारला. पण तो आला नेमका पितृपंधरवड्याच्या तोंडावर, आणि तिथंच सगळा घोळ झाला.

आमची बिल्डिंग पंचवटीतली. निम्मे लोक पूजा सांगणारे, बाकीचे त्यांच्याकडून सांगून घेणारे. पंधरवड्यात रोज कुठल्या ना कुठल्या घरी वडे, खीर, आमटी. पान वाढलं की गाईचं, कावळ्याचं आणि कुत्र्याचं वेगळं काढायचं. कावळे गच्चीवर येतात, गाय कोपऱ्यावर उभी असते, पण कुत्र्याच्या पानाची दरवर्षी पंचाईत. रस्त्यावरची कुत्री त्या दिवसांत इतकी जेवलेली असतात की वड्याकडे बघतसुद्धा नाहीत. आणि आता हा खास आमचा, दारातला, हक्काचा कुत्रा.

पहिल्या दिवशी तांबू जिन्यात बसून वासानं कुंईकुंई करायला लागला. दुसऱ्या मजल्यावरच्या काकू पान घेऊन धावत खाली आल्या. "बघा, कुणाचा तरी जीव अडकलाय, मागतोय," म्हणाल्या आणि त्याच्यापुढे वडा ठेवला. झालं. तांबू रडला की कुणाच्या तरी घरातून पान बाहेर यायचं. तो जितका केविलवाणा रडे, तितकं पान भरलेलं. आमच्याकडूनही गेलं. सर्वपित्रीला तर त्यानं असा काही सूर लावला की वरच्या मजल्यावरचे एक आजोबा डोळे पुसत, हात जोडून त्याच्यासमोर उभे राहिले. तांबूनं त्यांची खीर चाटूनपुसून साफ केली.

मग घट बसले. पितर आपापल्या जागी गेले, वडे बंद झाले. तांबूचं रडणं मात्र चालूच राहिलं. त्याला कोण सांगणार की पंधरवडा संपला?

सकाळी रडणं, दुपारी रडणं, कुणी जिना चढलं की रडणं, कुकरची शिट्टी झाली की रडणं. पंधरा दिवस ज्याच्यात लोकांना आजेपणजे दिसत होते, तोच कुत्रा दसऱ्यापर्यंत अपशकुनी झाला. भीक नको पण कुत्रं आवर, अशी सगळ्यांची गत. आणि आवरायला सांगायचं कुणाला, तर इंदिराताईंना. लोक जाता-येता त्यांना बोलायचे, त्या मान खाली घालून "हो, हो" म्हणायच्या.

सगळ्यात जास्त चिडले ते यज्ञेश्वर, सोसायटीचे चेअरमन. सकाळी रामकुंडावर पूजा सांगायला जातात, दुपारी टळटळीत उन्हाचे परततात. माणूस वाईट नाही. पण त्यांची आई, अक्का, पहिल्या मजल्यावर वर्षभर अंथरुणाला खिळलेली. नव्वदीला टेकलेली बाई, जेवण तुटलेलं, बोलणं तुटलेलं. आणि खाली कुत्रं रडतंय. कुत्र्याला यम दिसतो म्हणतात. यज्ञेश्वर दिवाळीनंतरच्या मीटिंगमध्ये तावातावानं बोलत होते, पण मध्येच थांबून वर अक्कांची चाहूल घेत होते. ते चिडलेले नव्हते, घाबरलेले होते.

त्या मीटिंगमध्ये ठरलं की जानेवारीतल्या वार्षिक सभेपर्यंत मुदत. तोवर रडणं थांबलं नाही तर कुत्र्याला हलवायचं. कुठं, तेही ठरलं. मखमलाबादहून मोतीराम रोज सकाळी पूजेची फुलं घेऊन येतो, त्याचा झेंडूचा मळा आहे. तो तिथंच उभा होता, म्हणाला, "माझ्याकडं द्या ना. मळ्यावर बांधून ठेवू. राखण करील. तिथं रडलं तरी कोण ऐकतंय?"

"बांधून?" इंदिराताईंनी विचारलं.

"मंग काय काकू, सोडलं तर पळून येईन ना ते इकडं."

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या माझ्याकडे चहाला आल्या. चहा तसाच ठेवून म्हणाल्या, "तांबू गेला तर मीही शौनककडे जाईन. दार उघडल्यावर कुणी उठून उभं राहावं, एवढंच होतं हो इथं." मला काय बोलावं सुचेना. मला आणि सुचेना, यावरून काय ते समजा. ही बाई माझ्यासमोरून गेली तर मी भांडणार कुणासाठी?

मीच त्यांना म्हटलं, तुमची भाची जनावरांची डॉक्टर आहे ना, तिला बोलवा. मृण्मयी गंगापूर रोडवर दवाखाना चालवते. आली, तांबूचं पोट दाबून पाहिलं, कान पाहिले, दात पाहिले, पाय पाहिला. मग जमिनीवर मांडी घालून बसली आणि तो रडायला लागल्यावर घरात काय काय होतं ते नुसतं बघत राहिली. तांबू कुंईकुंई करू लागला. इंदिराताईंनी "काय रे बाळा" म्हणत त्याला थोपटलं. तो आणखी रडला. त्यांनी पोळीचा तुकडा दिला.

"मावशी, याला काही दुखत नाहीये," मृण्मयी म्हणाली. "हा शिकून रडतोय."

"कुणी शिकवलं?"

"तुम्ही सगळ्यांनी. रडला की वडा. इतका छान क्लास नाशकात कुठं मिळणार नाही."

मी हसले. इंदिराताई हसल्या नाहीत. त्यांनी विचारलं, "मग आता? रागवायचं?"

"अजिबात नाही. रागावलात तरी त्याला वाटणार, लक्ष दिलं. मारलंत तर घाबरून जास्त रडेल. रडला की तिकडे बघायचंसुद्धा नाही, पाठ फिरवायची. आणि गप्प झाला, अगदी श्वास घ्यायला गप्प झाला, की त्याच क्षणी 'शाब्बास' म्हणायचं आणि खाऊ द्यायचा. उशीर केला तर त्याला कळणार नाही कशाचं मिळालं. मग हळूहळू गप्प राहण्याचा वेळ वाढवत न्यायचा. आणि रोज फिरवा त्याला. दिवसभर जिन्यात बसून कुत्रं रडणार नाही तर काय करणार?"

खाऊ म्हणून उकडलेल्या रताळ्याचे नखाएवढे तुकडे ठरले. तळलेले वडे बंद. जाता जाता मृण्मयी म्हणाली, द्राक्षं आणि बेदाणे चुकूनही नकोत, कुत्र्याला विष असतं ते. नाशकात राहून द्राक्ष नको, म्हणजे या कुत्र्याचं नशीबच फुटकं, असं मी म्हटलं. दाराशी गेल्यावर ती वळली. "आणि मावशी, पहिले काही दिवस रडणं वाढेल. खूप वाढेल. तेव्हा हार मानून एक जरी तुकडा दिलात, तर तो शिकेल की आणखी जोरात रडायचं असतं."

म्हणजे बघा, काम कुणाला दिलं? जिनं जन्मात कुणाचा हात परतवला नाही, तिनं आता रडणाऱ्या मुक्या जिवाकडे पाठ फिरवून उभं राहायचं. मला वाटलं, होत नाही हे.

त्या उभ्या राहिल्या. दार उघडं, तांबू उंबऱ्याशी बसून गळा काढतोय आणि इंदिराताई ओट्याकडे तोंड करून उभ्या. दोन्ही हातांनी ओटा घट्ट धरलेला. मी माझ्या दारातून बघत होते. तो रडता रडता दमला, श्वास घ्यायला थांबला, आणि त्या गर्रकन वळल्या. "शाब्बास." तुकडा. तांबूच्या चेहऱ्यावर असा गोंधळ, की काय चाललंय हे घरात. पुन्हा रडणं. पुन्हा पाठ.

मृण्मयी म्हणाली तसंच झालं, रडणं वाढलं. पूर्वी कुंईकुंई होतं, आता त्यात हेल आले. दुसऱ्या मजल्यावरून निरोप आला की टीव्ही ऐकू येत नाही. मीसुद्धा एका दुपारी डोकं धरून त्यांच्याकडे गेले आणि म्हटलं, "इंदिराताई, हात जोडते, द्या त्याला एक पोळी." त्या माझ्याकडे बघत म्हणाल्या, "नाही." हळूच म्हणाल्या, पण म्हणाल्या. मी माझ्या घरात येऊन कानात कापूस घातला आणि एकटीच हसत बसले.

नंतर त्यांनी त्याहून अवघड काम केलं. घरोघर गेल्या. प्रत्येक दारात उभं राहून सांगितलं, "तांबू रडला तर काही देऊ नका. गप्प बसलेला दिसला तर शाब्बास म्हणा आणि हे द्या," आणि रताळ्याची छोटी डबी हातात ठेवली. लोक चकित. ही बाई काही मागायला आलीये, तेही 'असंच करा' म्हणून. नाही म्हणायला कुणाला सुचलंच नाही. यज्ञेश्वरांनी मात्र दारातूनच ऐकवलं, "वहिनी, कुत्र्याचं शेपूट नळीत घातलं तरी वाकडं ते वाकडंच." त्यांच्या बायकोनं, सुवर्णानं, डबी ठेवून घेतली.

थंडी पडायला लागली तसा फरक दिसू लागला. पहाटे इंदिराताई त्याला घाटावर फिरवून आणायच्या. तो यायचा तो दमून, पायपुसण्यावर अंग टाकायचा. कुकरची शिट्टी झाली की मान वर करायचा, तोंड उघडायचा, आणि मिटायचा. मग इंदिराताईंकडे बघायचा. "शाब्बास." आधी एका श्वासापुरता गप्प, मग दोन शिट्ट्यांपुरता, मग आख्खा स्वयंपाक होईपर्यंत. जिन्यात येणारा-जाणारा शाब्बास म्हणू लागला. मोतीराम फुलांची परडी घेऊन आला की तोही म्हणायचा, आणि वर मला ऐकवायचा, "लय शानं झालं हे. मला मिळतंय का नाय मग?"

एक गोष्ट मात्र सुटत नव्हती. दुपारी जेवायच्या वेळी तांबू बिल्डिंगच्या मागच्या बाजूला जायचा आणि तिथं पहिल्यासारखा गळा काढायचा. रोज. दिवसभराची कमाई त्या एका वेळेत पाण्यात. सभा जवळ येत चालली होती. इंदिराताईंचा चेहरा पुन्हा उतरला. मी म्हटलं, कुणीतरी खायला घालतंय, पकडू या. आम्ही दोघी जिन्याच्या जाळीआड उभ्या राहिलो. तांबू खिडक्यांखाली बसला, मान वर करून रडू लागला. थोड्या वेळानं पहिल्या मजल्याच्या खिडकीच्या गजांतून एक सुरकुतलेला हात बाहेर आला आणि भाकरीचा तुकडा खाली पडला.

तो हात अक्कांचा होता.

आपलेच दात आणि आपलेच ओठ. जिच्या जिवाच्या भीतीनं चेअरमन कुत्रा हाकलायला निघाले होते, तीच त्यांची आई त्याला रोज रडायला शिकवत होती. माझ्या अंगात वीज संचारली. मी म्हटलं, झालं, जिंकलो. सभेत सगळ्यांसमोर सांगायचं, यज्ञेश्वरांचं तोंड बंद. इंदिराताई म्हणाल्या, "म्हाताऱ्या बाईला चारचौघांत उघडं पाडायचं? मला नाही जमणार." आणि सरळ वर गेल्या. मी मागोमाग.

सुवर्णानं दार उघडलं. आम्हाला बघून ती ओशाळली. "मला माहीत होतं हो," म्हणाली, "पण त्या निमित्तानं त्या खिडकीपर्यंत उठून बसतात. एरवी कूस बदलत नाहीत. आणि ह्यांना सांगितलं असतं तर ह्यांनी खिडकी बंद करून टाकली असती."

अक्का खिडकीशी बसल्या होत्या, मांडीवर ताटली. इंदिराताई त्यांच्या पायाशी बसल्या. मग अक्काच बोलल्या. "तुला वाटत असेल म्हातारी खुळी झाली. अगं, आमचे हे जेवताना गेले. पानावर अर्धी भाकरी तशीच राहिली होती. तो खाली मागतो ना, मला वाटतं तीच मागतोय."

मला वाटलं आता इंदिराताई मृण्मयीचं शास्त्र सांगणार. त्यांनी विचारलं, "अक्का, ते कधी रडून मागायचे का जेवायला?"

"छे." अक्कांचा आवाज एकदम खणखणीत झाला. "पानावर बसले की शब्द काढायचे नाहीत. मी वाढेपर्यंत हात जोडून गप्प."

"मग गप्प असेल तेव्हाच वाढा ना."

अक्कांनी खिडकीतून खाली बघितलं. तांबू रडत होता. त्यांनी उचललेला तुकडा परत ताटलीत ठेवला.

त्या दिवसापासून अक्कांनी काम हातात घेतलं, आणि त्या आम्हा सगळ्यांच्या वरचढ निघाल्या. जन्मभर पंगती वाढलेली बाई. कुणाला कधी वाढायचं आणि कुणाला कधी थांबवायचं, हे तिला शिकवावं लागलं नाही. तांबूनं जरा आवाज काढला की ताटली मागे. गप्प झाला की ताटली पुढे. इंदिराताईंनी भाकरीच्या जागी रताळं दिलं, तेही त्यांनी मान्य केलं, फक्त "मीठ नाही म्हणजे सोवळ्यातलंच की" एवढं म्हणाल्या. सुवर्णानं सांगितलं, त्या हल्ली स्वतःही जेवतात. त्याचं होईपर्यंत बसायचं, मग आपलं. यज्ञेश्वर त्या वेळी रामकुंडावर असायचे, त्यांना यातलं काही ठाऊक नव्हतं.

सभा रविवारी, पार्किंगमध्ये. यज्ञेश्वर त्या दिवशी मुद्दाम पूजा सोडून आले होते. मोतीराम टेम्पो गेटाशी लावून, दोरी घेऊन उभा. सांगितलं होतं म्हणून आला, असं तो ज्याला त्याला सांगत होता. पाण्याचं बिल, लिफ्टची दुरुस्ती, रंगकाम, सगळं झालं. मग यज्ञेश्वर म्हणाले, "आता तो कुत्र्याचा विषय."

इंदिराताई उठल्या. "विषय इथं नको," त्या म्हणाल्या. "सगळे माझ्याबरोबर मागे चला."

लोक कुरकुरत उठले. मागच्या बाजूला तांबू खिडकीखाली बसला होता, पुढचे पाय जोडून, मान वर करून. एवढा जमाव बघून त्याची शेपटी हलली, कान हलले. मी जीव मुठीत धरला होता. याच जागी तो महिनाभरापूर्वी रोज गळा काढायचा. त्यानं तोंड उघडलं, जांभई दिली आणि मिटलं. सगळे आपोआप गप्प झाले. वरून भांड्यांचा आवाज आला. तांबू हलला नाही.

खिडकीत अक्का आल्या. कोणाच्या आधाराशिवाय, गज धरून, ताठ बसलेल्या. यज्ञेश्वरांनी वर बघितलं आणि त्यांच्या हातातली किल्ली खाली पडली.

"अक्का, तू उठून बसलीस?"

"यज्ञा, मध्ये बोलू नकोस," वरून आवाज आला. "आधी त्याचं होऊ दे."

नाशिकभर लोकांना संकल्प सोडायला लावणारा माणूस मुकाट्यानं उभा राहिला. अक्कांनी खूप वेळ लावला, मुद्दामच लावला असणार. तांबू बघत राहिला, एक हुंकार नाही. मग त्या ठसक्यात म्हणाल्या, "शाब्बास," आणि तुकडा खाली आला. तो त्यानं वरच्यावर झेलला. कुणीतरी टाळी वाजवली, मग सगळ्यांनीच. मोतीराम दोरी काखेत मारून सगळ्यात जोरात टाळ्या वाजवत होता. सुवर्णा पदर डोळ्यांना लावून हसत होती. माझेही डोळे भरले, आणि ते मी कुणापासून लपवले नाहीत.

यज्ञेश्वरांनी घसा खाकरला. आईवरून त्यांची नजर हटत नव्हती. "राहू द्या मग त्याला," म्हणाले. "पण एक अट. पुन्हा कधी रडला तर..."

"अट नाही," इंदिराताई म्हणाल्या.

सगळ्यांच्या माना वळल्या. पण इंदिराताई थांबल्या नाहीत. "रडेल तो एखाद्या दिवशी, भावजी. कुत्रा आहे. त्या दिवशी माझ्याकडे या, मला बोला, काय करायचं ते मी बघीन. पण तो इथून जाणार नाही. आणि मीही जाणार नाही."

यज्ञेश्वरांनी वाकून किल्ली उचलली, पुन्हा एकदा वर खिडकीकडे बघितलं आणि म्हणाले, "बरं, वहिनी."